‘औषध मारलं’ म्हणजे नेमकं काय केलं?

पावसाळा लागला की वस्तीत पालिकेची धुराची गाडी येते. भोंग्यासारखा आवाज, पांढऱ्या धुराचा लोट आणि त्यामागे धावणारी पोरे. गाडी गेली की आयाबाया एकमेकींना सांगतात, “आज औषध मारून गेले.” शेतात कपाशीवर फवारले तरी आपण ‘औषध मारले’ म्हणतो. मुलीच्या डोक्यात उवा झाल्या की ‘औषध लावले’ म्हणतो. धान्याच्या कोठीत गोळी टाकली की ‘औषध ठेवले’ म्हणतो. खोकल्याची बाटली आणली तरी ते ‘औषध’च. आणि एखाद्याने विष घेतले, तर त्यालाही आपण ‘औषध प्यायला’ असेच म्हणतो.

एकच शब्द विषालाही आणि उपचारालाही. बोलताना चालून जाते, पण घरात ती पुडी उघडताना चालत नाही. म्हणून या वेळी आरोग्यशास्त्रातला एक नेमका शब्द समजून घेऊ. तो शब्द आहे डिसइन्सेक्शन. मराठीत त्याला कीटकनिर्मूलन म्हणता येईल.

तीन शब्द, तीन वेगळी कामे

आजार पसरवणारे जंतू मारणे किंवा कमी करणे म्हणजे निर्जंतुकीकरण. ब्लीचिंग पावडर, फिनेल, साबणाने हात धुणे, जखम साफ करणे ही त्यातली कामे. आजार वाहून नेणारे कीटक मारणे म्हणजे कीटकनिर्मूलन. डास, पिसू, कपड्यातली ऊ हे त्यातले मुख्य शत्रू. आणि उंदीर-घुशींचा बंदोबस्त म्हणजे मूषकनिर्मूलन.

आपल्याकडे ‘जंतू’ हा शब्द सैल वापरला जातो. पोटातल्या कृमींना आपण जंत म्हणतो, आणि डासांसाठी धूर सोडला तरी बातमी छापून येते ती ‘जंतुनाशक फवारणी’ची. त्यामुळे फिनेलने पुसले की ढेकूण जातील आणि धूर सोडला की तापाचे जंतू मरतील, असे दोन्ही गैरसमज तयार होतात. यातले काहीच होत नाही. फिनेल हे ढेकणांवरचे औषध नव्हे. धुरामुळे डास मरतो, तापाचा विषाणू ज्याच्या अंगात आहे त्याच्या अंगातच राहतो.

जागतिक आरोग्य संघटनेच्या सदस्य देशांनी २००५ मध्ये स्वीकारलेल्या आंतरराष्ट्रीय आरोग्य नियमांत या शब्दांच्या व्याख्या दिल्या आहेत. कीटकनिर्मूलन कशाचे करायचे, याची तिथे यादीच आहे. सामान, माल, कंटेनर, वाहने, वस्तू आणि टपालाची पार्सले. विमानातून डास एका देशातून दुसऱ्या देशात जाऊ नये म्हणून केबिनमध्ये कीटकनाशक फवारतात, ते याच नियमांना धरून. निर्जंतुकीकरणाच्या व्याख्येत माणसाच्या अंगाचा पृष्ठभाग येतो, कारण हात आणि जखम स्वच्छ करावी लागते. कीटकनिर्मूलनाच्या यादीत मात्र माणूस नाही. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे तिचे काम आहे.

प्लेगने शिकवलेला धडा

१८९६ मध्ये मुंबईत प्लेग आला आणि पुढच्या वर्षी पुण्यात पसरला. प्लेगचा जंतू १८९४ मध्येच हाँगकाँगला सापडलेला होता. म्हणून सरकारने जंतूंवर हल्ला चढवला. गटारांत आणि घरांत कार्बोलिक ॲसिड ओतले, भिंतींना चुना फासला, गोरगरिबांचे सामान बाहेर काढून जाळले. साथ हटली नाही.

कारण प्लेग मुख्यतः उंदरांच्या अंगावरच्या पिसवांमधून येत होता. उंदीर मेला आणि त्याचे अंग थंड पडले की पिसू दुसरे ऊबदार अंग शोधते, आणि ते अंग माणसाचे असते. ‘उंदीर पडू लागले’ की साथ आली, हे लोकांनी डोळ्यांनी पाहिले होते. घर सोडून माळावर झोपड्या घालून राहणारी माणसे त्यातल्या त्यात वाचत होती, हेही पाहिले होते. पण पिसवाची ही भूमिका पॉल-लुई सिमाँ या फ्रेंच डॉक्टरने कराचीत प्रयोग करून दाखवली ती १८९८ मध्ये, आणि तीही लगेच कुणी मानली नाही. मुंबईत १९०५ नंतर झालेल्या प्रयोगांनी तिच्यावर शिक्कामोर्तब झाले. गरज होती पिसवा आणि उंदरांच्या बंदोबस्ताची, आणि भर होता तो जंतुनाशकावर.

याच साथीत सावित्रीबाई फुले आणि त्यांचे पुत्र डॉ. यशवंतराव यांनी पुण्याजवळ हडपसरच्या बाजूला रुग्णांसाठी दवाखाना उघडला होता. मुंढव्याच्या महारवाड्यातल्या एका आजारी मुलाला सावित्रीबाईंनी पाठीवर घेऊन दवाखान्यात आणले. सेवा करता करता त्यांनाच प्लेग झाला आणि १० मार्च १८९७ रोजी त्यांचे निधन झाले. आजार नेमका कोणत्या वाटेने येतो, हे तेव्हा शास्त्रालाही निश्चित ठाऊक नव्हते. आज आपल्याला ठाऊक आहे. म्हणून आज चुकीचे औषध चुकीच्या जागी मारण्याला आपल्याकडे सबब नाही.

दोष माणसात नव्हता, कपड्यात होता

दुसरी गोष्ट उत्तर आफ्रिकेतल्या ट्युनिस शहरातली. तिथे टायफस नावाच्या तापाची साथ वारंवार येई. शार्ल निकोल या डॉक्टरांच्या लक्षात एक विचित्र बाब आली. दवाखान्याच्या दारात पडलेल्या रुग्णामुळे इतरांना आजार होत असे. त्याचे कपडे घेणाऱ्या, धुणाऱ्या माणसांनाही होत असे. पण तोच रुग्ण आंघोळ करून, दवाखान्याचे कपडे घालून खाटेवर गेला, की शेजारच्या खाटेवरच्या माणसाला काही होत नसे. म्हणजे आजार देणारी वस्तू दारातच राहत होती, आणि ती होती त्याच्या कपड्यांच्या शिवणीतली ऊ. १९०९ मध्ये निकोल यांनी हे प्रयोगाने सिद्ध केले. १९२८ मध्ये त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले.

माणसाला दूर ठेवायची गरज नव्हती. साबण-पाणी आणि धुतलेले कपडे एवढे पुरेसे होते. कीटकनिर्मूलनाचा खरा अर्थ इथे कळतो. कीटक जिथे राहतो ती जागा स्वच्छ करायची, माणसाला घाण ठरवायचे नाही.

हा अर्थ विसरला की काय होते, ते आपण २०२० च्या टाळेबंदीत पाहिले. मार्च महिन्याच्या अखेरीस उत्तर प्रदेशातल्या बरेलीत गावी परतणाऱ्या मजुरांना, त्यांच्या बायकामुलांना रस्त्यावर बसवून त्यांच्या अंगावर सोडियम हायपोक्लोराइटचे पाणी फवारले गेले. हे द्रावण फरशी आणि लोखंडी कठडे पुसण्याचे आहे. ते डोळ्यांत गेले की जळजळ होते, त्वचेला आणि श्वासनलिकेला त्रास होतो, आणि शरीरात शिरलेल्या विषाणूला त्याने काहीच होत नाही. पुढच्याच महिन्यात केंद्रीय आरोग्य मंत्रालयाला सांगावे लागले की माणसांवर अशी फवारणी करू नये. वस्तूवर मारायचे रसायन माणसावर कोणी मारत असेल, तर ‘हे कशासाठी?’ असे विचारण्याचा आपल्याला पूर्ण हक्क आहे.

आता आपल्या घरात

डास. धुराने फक्त त्या वेळी उडणारे डास मरतात. पाण्यातल्या अळ्या तशाच राहतात आणि आठ-दहा दिवसांत नवे डास तयार होतात. म्हणून आठवड्यातून एक दिवस कोरडा पाळायचा. पिंप, रांजण, कूलर, कुंडीखालची ताटली, गच्चीवरचे टायर रिकामे करायचे. डेंगीच्या डासाची अंडी भांड्याच्या आतल्या कडेला चिकटतात आणि कोरडी पडली तरी कित्येक महिने टिकतात. त्यामुळे नुसते पाणी ओतून भागत नाही, भांडे आतून घासावे लागते. धुराची गाडी आली की अन्न-पाणी झाका आणि पोरांना तिच्यामागे धावू देऊ नका.

उवा. डोक्यातली ऊ कपड्यातल्या उवेसारखा टायफस पसरवत नाही आणि ती स्वच्छ केसांतही होते. तेव्हा मुलीला रागावू नका, तिचे केस कापू नका, शाळेत तिला वेगळे बसवू देऊ नका. ओल्या केसांतून बारीक दातांची फणी दर दोन-तीन दिवसांनी फिरवा. औषध लागलेच तर दवाखान्यात विचारून एक टक्का परमेथ्रिनचे लोशन आणा. लिखा फुटायला सात ते दहा दिवस लागतात, म्हणून तेवढ्या दिवसांनी दुसऱ्यांदा लावावे लागते. रॉकेल, पिकावरचे कीटकनाशक किंवा झुरळांची पावडर डोक्याला कधीही लावू नका. डोक्याच्या त्वचेतून विष अंगात उतरते.

ढेकूण. ढेकणांवर उष्णता हा चांगला उपाय आहे. चादरी, उशांचे अभ्रे कडक गरम पाण्यात धुवा. खाटेच्या सांध्यांत उकळते पाणी ओतायची आजीची रीत शास्त्राला धरूनच आहे. गादीची शिवण, भिंतीच्या भेगा, फोटोच्या फ्रेमची मागची बाजू तपासा. अंडी मागे राहतात, म्हणून आठवड्याने पुन्हा तेच करा.

धान्यातली कीड. इथे सर्वांत जास्त सावध राहा. धान्यात ठेवायच्या ॲल्युमिनियम फॉस्फाइडच्या गोळ्या म्हणजे साधी पावडर नव्हे. हवेतल्या ओलाव्याने त्यांतून फॉस्फीन नावाचा विषारी वायू निघतो. ही खरी धुरी आहे, आणि ती माणसे राहत नाहीत अशा बंदिस्त गोदामात, जाणकारांच्या देखरेखीखाली द्यायची असते. या गोळ्या सर्रास विकायला आणि घरात वापरायला कायद्याने परवानगी नाही. तरीही काही जण त्या आणून धान्यात, ढेकणांसाठी खाटेखाली किंवा उंदरांसाठी माळ्यावर ठेवतात. वायू भिंतीच्या भेगांतून, दाराच्या फटीतून, चाळीच्या सामाईक छपराखालून शेजारच्या खोलीत जातो. झोपेत असलेली लहान मुले त्याला आधी बळी पडतात.

याला लसूण किंवा सडक्या मासळीसारखा वास येतो, पण वास येईलच असा भरवसा धरू नका. मळमळ, उलट्या, पोटदुखी, डोके दुखणे, दम लागणे ही लक्षणे असतात, म्हणून ‘जेवण बाधले’ असे वाटून घरीच थांबले जाते. एका घरातल्या दोघा-तिघांना एकदम असे होऊ लागले, तर आधी सगळ्यांना मोकळ्या हवेत आणा, शेजाऱ्यांना उठवा आणि १०८ ला फोन करा. या विषावर उतारा नाही. वेळेत मिळालेले दवाखान्यातले उपचार एवढाच आधार. घरच्या धान्यासाठी कडक ऊन, कडुनिंबाचा पाला आणि घट्ट झाकणाचा डबा पुरे.

फवारणाऱ्याचे काय?

शेतमजुरी, सफाई, फवारणी ही कामे करणारी माणसे आपल्याच घरांतली आहेत. २०१७ च्या हंगामात यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना २० हून अधिक शेतकरी-शेतमजूर विषबाधेने गेले, शेकडो दवाखान्यात दाखल झाले. तेही ‘औषध’च मारत होते. घरातला माणूस फवारणीला जात असेल तर मास्क, हातमोजे, पूर्ण बाह्यांचा सदरा आणि बूट मागून घ्या. ते पुरवणे काम देणाऱ्याची जबाबदारी आहे. वाऱ्याच्या उलट दिशेने फवारू नये, हाताने द्रावण ढवळू नये, मध्येच विडी-तंबाखू घेऊ नये. घरी आल्यावर आधी आंघोळ, मग मुलांना जवळ घेणे. त्या दिवसाचे कपडे वेगळे धुवा.

डब्यावरचा चौकोन बघायला मुलांना शिकवा. त्यातला लाल त्रिकोण सर्वांत जहाल विषाचा, त्यानंतर पिवळा, मग निळा आणि शेवटी हिरवा. हिरवा म्हणजे निर्धोक नव्हे, कमी विषारी एवढाच त्याचा अर्थ. विषबाधा झाली तर उलटी करवू नका. अंगाला लागले असेल तर कपडे काढून साबण-पाण्याने धुवा आणि डबा किंवा त्यावरचा कागद डॉक्टरांकडे घेऊन जा. नाव कळले तर उपचार लवकर सुरू होतात.

यापुढे वस्तीत किंवा घरात कोणी ‘औषध मारायचे आहे’ म्हणाले, की तीन प्रश्न विचारा. मारायचे काय आहे, जंतू, कीटक की उंदीर? ते राहते कुठे, पाण्यात, कपड्यात, भिंतीत की धान्यात? आणि हातातल्या डब्यावर नाव कोणते आहे? या तिन्हींची उत्तरे मिळेपर्यंत डबा उघडू देऊ नका. रविवारी विहारात जमाल तेव्हा हे तीन प्रश्न आणि १०८ हा क्रमांक फळ्यावर लिहून ठेवा. लिहिता-वाचता येणाऱ्या मुलांनी ते घरोघरी आजी-आजोबांना समजावून सांगावेत.