अकरा न्यायमूर्ती आणि एका वाक्याचा आदेश

६ सप्टेंबर १९७० रोजी राष्ट्रपती व्ही. व्ही. गिरी यांच्या सहीने एक आदेश निघाला. मजकूर एकाच वाक्याचा होता: माधवराव जिवाजीराव शिंदे यांना ग्वाल्हेरचे शासक म्हणून असलेली मान्यता आजपासून संपली, अशा अर्थाचा. असेच आदेश इतर संस्थानिकांच्या नावेही निघाले. माधवराव तेव्हा २५ वर्षांचे होते. १९४८ च्या एप्रिलमध्ये त्यांच्या वडिलांनी, जिवाजीरावांनी, ज्या करारावर सही करून ग्वाल्हेर मध्यभारतात विलीन केले, त्यात तनख्याचे, म्हणजे सरकारने संस्थानिकाला दरवर्षी द्यायच्या रकमेचे, वचन होते. माधवरावांना वर्षाला दहा लाख रुपये मिळत, तेही करमुक्त. मान्यता गेली की तनखाही जाणार होता. ते सर्वोच्च न्यायालयात गेले आणि याचिका अकरा न्यायमूर्तींपुढे आली.

न्यायाधीश निर्णयापर्यंत पोचतात कसे, हे समजून घ्यायचे असेल तर मी हा खटला वाचायला सांगेन. कारण एरवी न्यायाधीशाची निम्मी शक्ती खर्च होते ती नेमके घडले काय, हे ठरवण्यात. ग्वाल्हेरच्या लष्कर भागातल्या एखाद्या जुन्या वाड्याचा वाद घ्या. घरमालक म्हणतो, भाडे तीन वर्षे थकले. भाडेकरू म्हणतो, रोख दिले, पावती कधी मिळालीच नाही. दिवाणी न्यायाधीश दावा आणि कैफियत समोर ठेवतो आणि दोघांनाही मान्य असलेले आधी बाजूला काढतो. वाडा कोणाचा, भाडेकरू कधीपासून राहतो, यावर तंटा नसेल तर त्यावर वेळ घालवायचा नाही. उरते त्याचे मुद्दे काढायचे आणि प्रत्येक मुद्द्यासमोर लिहायचे की हे सिद्ध कोणी करायचे. मग साक्षी, उलटतपासणी, कागदपत्रे. पैसे दिले असे म्हणणाऱ्यानेच ते दिल्याचे दाखवायचे असते. नाही दाखवता आले, तर त्याच्याबद्दल कितीही कणव वाटली तरी तो मुद्दा त्याच्या विरुद्ध जातो.

शिंद्यांच्या खटल्यात मूळ घटनांवर वाद नव्हताच. करार झाला होता, तनखा मिळत होता, आदेश निघाला होता. उरला होता तो कायद्याचा प्रश्न, म्हणून न्यायमूर्ती विचार कसा करतात ते इथे स्वच्छ दिसते.

पहिला प्रश्न होता, या भांडणात पडण्याचा न्यायालयाला अधिकार आहे का? संविधानाचे कलम ३६३ आडवे होते. संस्थानिकांशी झालेल्या करारांतून निघणाऱ्या वादांत, आणि अशा करारांशी संबंधित असलेल्या संविधानाच्या तरतुदींखालच्या हक्कांच्या वादांत, सर्वोच्च न्यायालयासह कोणत्याही न्यायालयाला अधिकार नाही, असे ते सांगते. सरकारची बाजू अॅटर्नी जनरल निरेन डे मांडत होते आणि या कलमावर त्यांची मोठी मदार होती. संस्थानिकांच्या बाजूने नानी पालखीवाला उभे होते.

सगळे अडले ते ‘संबंधित’ या शब्दापाशी. तनख्याचे वचन करारातले होते हे खरे. पण कलम २९१ म्हणत होते की ही रक्कम भारताच्या एकत्रित निधीवर भारित राहील आणि त्यातूनच दिली जाईल. मग माधवराव मागत होते ते करारातले पैसे की संविधानातले? एक घरगुती उदाहरण घेऊ. आजोबांनी पुजाऱ्याला चिठ्ठी लिहून दिली की तुला दरमहा इतके देऊ. पुढे देवस्थानाचा ट्रस्ट झाला आणि त्याच्या घटनेत लिहिले गेले की चिठ्ठीत ठरलेली रक्कम ट्रस्टच्या निधीतून द्यावी. आता पगार थकला तर पुजारी चिठ्ठीवर भांडतो की ट्रस्टच्या घटनेवर? रक्कम किती, हे बघायला चिठ्ठी लागेल. पैसे देण्याचे बंधन मात्र घटनेतून आले. बहुमताचा विचार साधारण या वाटेने गेला: करार हा संदर्भापुरता आहे, हक्क कलम २९१ चा आहे, म्हणून ३६३ आड येत नाही.

दार उघडल्यावर दुसरा प्रश्न. राष्ट्रपतींनी हे केले कोणत्या अधिकाराने? आदेशात कलम ३६६ च्या २२ व्या खंडाचा आधार होता. ३६६ हे व्याख्यांचे कलम आहे. ‘शासक’ म्हणजे कोण, हे त्यात सांगितले आहे: करार करणारा आणि राष्ट्रपतींनी तूर्त मान्यता दिलेला, किंवा त्याचा मान्य वारस. एखादा राजा वारला आणि दोन भाऊ गादीवर हक्क सांगू लागले, तर कोणाला मानायचे हे कोणीतरी ठरवायला हवे. तो अधिकार यात आहे. पण देशात यापुढे एकही शासक नसेल, हे एका फटक्यात ठरवण्याची ताकद शब्दाच्या व्याख्येत सापडू शकते का? बहुमताने नाही म्हटले. व्याख्येत सत्ता शोधायला निघालो तर संविधानातले कोणतेच कलम सुरक्षित राहणार नाही, असे मला तरी वाटते.

या प्रश्नामागे आदेशाच्या आदल्या दिवसाची गोष्ट होती. तनखे रद्द करणारे घटनादुरुस्ती विधेयक लोकसभेत मंजूर झाले होते. ५ सप्टेंबरला राज्यसभेत त्याच्या बाजूने १४९ आणि विरुद्ध ७५ मते पडली. २२४ चे दोनतृतीयांश १४९.३३ होतात. एका मताच्या तिसऱ्या हिश्श्याने विधेयक पडले आणि दुसऱ्या दिवशी आदेश निघाले.

तिसरा प्रश्न मूलभूत हक्कांचा होता. थेट सर्वोच्च न्यायालयात येण्यासाठी कलम ३२ लागते आणि त्यासाठी मूलभूत हक्कावर घाला पडलेला असावा लागतो. त्या काळी मालमत्तेचा हक्क मूलभूत होता. कायद्याने देय असलेला तनखा हीसुद्धा मालमत्ताच, असे बहुमताने मानले.

१५ डिसेंबर १९७० रोजी निकाल लागला. सरन्यायाधीश हिदायतुल्ला दुसऱ्या दिवशी निवृत्त होणार होते. नागपूरच्या मॉरिस कॉलेजात शिकलेले हे न्यायमूर्ती १९५६ साली मध्य प्रदेश उच्च न्यायालयाचे पहिले मुख्य न्यायमूर्ती झाले; ग्वाल्हेरचे पीठ त्याच न्यायालयाचे. न्या. जे. सी. शहा यांनी स्वतःसह सात जणांचे निकालपत्र लिहिले. हिदायतुल्ला आणि न्या. हेगडे यांनी स्वतंत्र लिहिले, निष्कर्ष तोच ठेवला. नऊ विरुद्ध दोन. आदेश रद्द झाले.

विरोधातल्या दोघांच्या, म्हणजे न्या. मित्तर आणि न्या. रे यांच्या, मते कलम ३६३ ने न्यायालयाचे दार बंद केले होते. हे मत मला कमकुवत वाटत नाही. ३६३ चे शब्द खरोखर रुंद आहेत आणि हे वाद न्यायालयांबाहेर ठेवायचे हे संविधानकारांनी विचारपूर्वक ठरवले होते. हरलेले मतही त्याच निकालपत्रात, तितक्याच विस्ताराने छापले जाते. कलम १४५ मध्ये तशी सोयच आहे: निकाल बहुमताचा, तोही खुल्या न्यायालयात दिलेला, पण पटले नाही त्याला भिन्नमत देण्याची मुभा. पुढच्या काळातला वाचक दोन्ही ताडून पाहू शकतो. एप्रिल १९७३ मध्ये, संसदेला संविधानाची मूळ चौकट बदलता येत नाही असे सांगणाऱ्या केशवानंद भारती निकालाच्या पाठोपाठ, न्या. रे यांना सरन्यायाधीश करताना शेलत, हेगडे आणि ग्रोव्हर या ज्येष्ठांना डावलले गेले. तिघेही तनख्याच्या खटल्यात बहुमतात होते. तिघांनी राजीनामे दिले. न्यायाधीशाला आपल्या कारणांची किंमत मोजावी लागू शकते, हे वाचताना आजही मन अस्वस्थ होते.

या सगळ्यात एक प्रश्न कोणीच न्यायमूर्तींना विचारला नव्हता: गरीब देशाने केवळ कुळाच्या जोरावर कोणाला वर्षाला दहा लाख द्यावेत का? सामान्य माणसाच्या मनात तोच पहिला येतो. अकराही जणांचे त्यावर काही ना काही मत असणारच. ते बाजूला ठेवून, हा तनखा या मार्गाने बंद करता येतो का, एवढ्याच प्रश्नाशी थांबायचे, हे मला या कामातले सर्वांत अवघड वाटते.

आणि थांबलो हे दाखवायचे कसे? कारणे लिहून. दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश २०, नियम ४ बघा. वाड्याच्या भाड्याचा निकाल देणाऱ्या न्यायाधीशानेही प्रकरणाची थोडक्यात हकीकत, निर्णयासाठीचे मुद्दे, त्यांवरचा निर्णय आणि त्याची कारणे लिहायलाच हवीत. निकाल हातात आला की लोक शेवटचे पान उलटतात. मी सुचवेन, आधी मुद्द्यांचे पान काढा. मुद्दा चुकीचा निघाला असेल, पुरावा नजरेतून सुटला असेल, तर तिथेच सापडतो आणि अपिलाचा पायाही तिथेच रचला जातो. ग्वाल्हेरच्या जिल्हा न्यायालयातून उच्च न्यायालयाच्या पीठाकडे जाणारा वकील हीच कारणे एकेक करून तपासतो.

तनख्यांचे पुढे काय झाले? १९७१ च्या निवडणुकीत इंदिरा गांधींना दोनतृतीयांश बहुमत मिळाले. त्याच वर्षी डिसेंबरात २६ वी घटनादुरुस्ती झाली. कलम २९१ आणि संस्थानिकांच्या विशेषाधिकारांचे ३६२ गाळले गेले, शासकांची मान्यता संपवणारे ३६३ क आले, तनखे संपले. या दुरुस्तीलाही आव्हान दिले गेले. रघुनाथराव गणपतराव विरुद्ध भारत सरकार या नावाने ते प्रकरण ओळखले जाते. फेब्रुवारी १९९३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दुरुस्ती वैध ठरवली. संविधानाच्या मूळ चौकटीला तिच्यामुळे धक्का लागत नाही, असे कारण दिले. १९७१ मध्ये तनखा काढून घेण्याचा निर्णय व्याख्येच्या कलमातून आलेला नव्हता. संसदेच्या दोन्ही सभागृहांत मते मोजून तो घेतला गेला होता.