वळवाच्या मेघांतील वीज

मृगापूर्वीचा वळीव शेतकऱ्यास हवाहवासा असतो आणि नकोसाही असतो. नांगरटीच्या ढेकळांस तो ओलावा देतो. त्याच तासाभरांत आंबा झाडतो, कडब्याच्या गंजी भिजवितो, आणि एखाद्याची बैलजोडीही नेतो. या मेघाच्या पोटांत काय चालतें हें नीट समजलें, तर बचाव कसा करावा हें निराळें सांगावें लागत नाहीं, असें आमचें मत आहे.

चैत्र-वैशाखांत देशावरील काळी जमीन तापते. तिला टेकलेली हवा तापून हलकी होते व वर चढूं लागते. वर दाब कमी असल्यानें ती पसरते, आणि पसरतांना दर हजार मीटरांस सुमारें १० अंश सेल्सियस निवते. हवा कोरडी असली तर नुसती वावटळ उठून खेळ संपतो. परंतु समुद्रावरून आलेलें बाष्प तींत असलें, म्हणजे कांहीं उंचीवर त्याचें पाणी होऊं लागतें. एक लिटर पाणी आटवून त्याची वाफ करावयास चुलीवर जेवढी उष्णता खर्च होते, जवळजवळ तेवढीच त्या वाफेचें पुन्हां पाणी होतांना हवेस परत मिळते. त्यामुळें ती हवा भोवतालच्या हवेहून ऊनच राहते व आणखी वर झेपावते. मेघाचें खरें सरपण हेंच. अंग चिकचिकूं लागलें व घाम वाळेनासा झाला, कीं म्हातारीं माणसें 'आज पाऊस येणार' म्हणतात, तें यथार्थ होय.

असा मेघ १२ ते १५ किलोमीटर उंच जातो. आपल्याकडे उन्हाळ्यांत सुमारें ५ किलोमीटरांच्या वर पाणी गोठण्याइतकी थंडी असते. म्हणजे मेघाचा वरचा मोठा भाग हिमाचाच. तेथें वर चढणारे हिमाचे बारीक स्फटिक व जड मऊ गारा एकमेकांवर आपटतात. त्या आपटण्यांत स्फटिकांस धन व गारांस ऋण विद्युत् प्राप्त होते. हलके स्फटिक माथ्याकडे जातात, गारा मध्यभागीं राहतात, आणि एकाच मेघांत दोन विरुद्ध सांठे तयार होतात. हवा विजेस सहसा वाट देत नाहीं. सांठा फार वाढला म्हणजे मात्र तिला भेदून ठिणगी उडते. बहुतेक विजा मेघांतल्या मेघांत विरतात, कांहीं जमिनीकडे येतात. आषाढ-श्रावणांत जमीन निवलेली असते व मेघ इतके उंच चढत नाहींत, म्हणून दिवस दिवस झड लागूनही गडगडाट थोडा असतो. हस्ताच्या पावसांत तो पुन्हां ऐकूं येतो.

मेघांतील वीज व प्रयोगशाळेंतील ठिणगी एकाच जातीची, हें १७५२ च्या मे महिन्यांत फ्रान्समध्यें, बेंजामिन फ्रँकलिनच्या सूचनेप्रमाणें उभारलेल्या लोखंडी सळईनें दाखविलें. विजेच्या वाटेवरील हवा क्षणांत सुमारें ३०,००० अंशांपर्यंत तापून एकदम फुगते, तोच गडगडाट. आवाजास एक किलोमीटर यावयास ३ सेकंद लागतात. लकाकल्यापासून ९ सेकंदांनीं आवाज आला, तर वीज ३ किलोमीटरांवर पडली असें समजावें. पण तेवढ्यानें निर्धास्त होऊं नये. मेघ विस्तीर्ण असतो, व पुढची वीज आपल्या बांधावर येऊं शकते.

आतां झाडाविषयीं. कचेरींतील नोकरीच्या काळांत वीज पडून जनावरें दगावल्याचे पंचनामे आम्हीं पुष्कळ लिहिले. धनी बदले, गांव बदले. 'झाडाखालीं बांधलेलीं होतीं' हे शब्द बहुधा तेच असत. कित्येकदां अंगावर भाजल्याची खूणही नसे, आणि लोक त्यास दैवी कोप म्हणत. उलगडा साधा आहे. उतरणारी वीज जवळ येतांच उंच वस्तूंतून तिला सामोरी ठिणगी निघते, म्हणून माळावरील एकटें झाड तिला आधीं सांपडतें. झाडांतून ती मुळांशीं उतरून जमिनींत चोहोंकडे पसरते, व बुंध्यापासून दूर जावें तसतसा तिचा जोर कमी होतो. बैलाचे पुढचे पाय बुंध्याजवळ व मागचे चार-पांच फूट लांब. दोहों जागीं विजेचा दाब निराळा. त्या फरकानें प्रवाह पुढच्या पायांतून चढतो, काळजावरून जातो व मागच्या पायांतून उतरतो. माणसाचे पाय जवळजवळ असल्यानें तो कधीं कधीं वांचतो. मात्र बुंध्यास टेकून उभ्या असलेल्या माणसावर झाडांतील वीज आडवी उडी घेते. पायाळू माणसास विजांच्या दिवसांत बाहेर पडूं देऊं नये, अशी समजूत अद्याप ऐकूं येते. उपाय चांगला आहे. तो घरांतील सर्वांसच लागू करावा.

मेघ माथ्यावर येण्यापूर्वीं धुळीचा गार वारा सुटतो. पावसाबरोबर खालीं ओढलेली व थेंबांच्या बाष्पीभवनानें निवलेली ती मेघाचीच हवा होय. पहिला गडगडाट किंवा हा वारा, यांपैकीं जें आधीं येईल तीच सूचना समजून दावीं सोडावीं, व जनावरें झाडांपासून आणि तारेच्या कुंपणापासून दूर, शक्य तर पक्क्या गोठ्यांत न्यावीं. उशीर झाला असेल तर जनावरांपायीं माणसानें बाहेर राहूं नये. पक्कें घर किंवा बंद मोटार बरी. ट्रॅक्टरची उघडी बैठक कामाची नाहीं. विहिरीवरील पंपाच्या पेटीस हात लावूं नये. माळावर सांपडल्यास पाय जुळवून उकिडवें बसावें, आडवें पडूं नये. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेचें 'दामिनी' हें भ्रमणध्वनीवरील साधन जवळपासच्या विजांची सूचना देतें. शेवटच्या गडगडाटानंतर अर्धा तास थांबावें. वीज बसलेल्या माणसाच्या अंगांत वीज शिल्लक राहत नाहीं. त्यास हात लावण्यास भिऊं नये. श्वास बंद असल्यास तत्काळ छाती दाबण्यास लागावें, व दुसऱ्या कोणीं गाडी आणावी.