चौदा ओळींची ब्रिसेइस

होमरच्या ‘इलियड’मध्ये पंधरा हजारांहून जास्त ओळी आहेत. त्यांतल्या चौदा ब्रिसेइसच्या वाट्याला आल्या आहेत. साऱ्या महाकाव्याचं भांडण जिच्यावरून पेटतं ती ही ब्रिसेइस. ट्रॉयच्या युद्धात ग्रीक वीर अकिलीसनं तिचं नगर लुटलं, नवऱ्याला मारलं आणि लुटीतला वाटा म्हणून तिला आपल्या छावणीत आणलं. मग ग्रीकांचा सेनापती आगामेम्नॉननं तिला त्याच्याकडून हिसकावून घेतलं, अकिलीस शस्त्र खाली ठेवून बसला आणि ग्रीकांची प्रेतं पडू लागली. एवढं सगळं होईपर्यंत ही बाई एक शब्द बोलत नाही. एकोणिसाव्या सर्गात तिला अकिलीसकडे परत आणतात तेव्हा समोर अकिलीसचा जिवलग मित्र पॅट्रोक्लसचा मृतदेह असतो. त्याच्यावर कोसळून ती बोलते. नवरा मारला गेला, तीन सख्खे भाऊ गेले, तेव्हा तूच माझे डोळे पुसलेस. अकिलीसशी तुझं रीतसर लग्न लावून देईन म्हणालास. तू सदैव मायेनं वागलास. तिचं ऐकून भोवतीच्या बायकाही रडू लागतात. होमर सांगतो की निमित्त पॅट्रोक्लसचं होतं, रडत होती ती प्रत्येकजण आपापल्या दुःखासाठी.

ग्रीक पुराणकथा नव्यानं सांगणाऱ्या कादंबऱ्यांची आज इंग्रजीत मोठी लाट आहे. त्यांतल्या ज्या मनात घर करून राहतात, त्या बहुतेक अशाच एखाद्या ओळीतून उगवलेल्या दिसतात. जुन्या कवीनं दार किलकिलं ठेवलेलं असतं. नवा लेखक ते ढकलून आत जातो.

पॅट बार्कर या ब्रिटिश लेखिकेनं 2018 मध्ये ‘द सायलेन्स ऑफ द गर्ल्स’ लिहिली, ती ब्रिसेइसच्या तोंडून. बार्कर पुराणकथांकडे आल्या त्या पहिल्या महायुद्धातून. मनानं मोडलेल्या सैनिकांवर त्यांनी तीन कादंबऱ्या लिहिल्या होत्या आणि तिसरीला, ‘द घोस्ट रोड’ला, 1995 चं बुकर पारितोषिक मिळालं होतं. त्यामुळे त्यांची ट्रॉयसमोरची छावणी ही खरोखरची छावणी वाटते: उंदीर, जखमांचा वास, दारू, मागावर बसलेल्या गुलाम बायका. ‘इलियड’च्या चोविसाव्या सर्गात ट्रॉयचा म्हातारा राजा प्रायाम मुलाचं प्रेत मागायला अकिलीसच्या पायाशी येतो आणि म्हणतो की माझ्या मुलांना मारणाऱ्या हाताचं मी चुंबन घेतलं, असं या पृथ्वीवर आजवर कुणी केलेलं नाही. हजारो वर्षं वाचकांचे डोळे या प्रसंगाला भरून येत आले आहेत. बार्करच्या कादंबरीत ब्रिसेइस तिथेच उभी असते. तिच्या मनात येतं की नवऱ्याला आणि भावांना मारणाऱ्या पुरुषाच्या शय्येवर जाणं आजवर असंख्य बायकांना भाग पडलं, मलाही पडलं. प्रायामचं दुःख यानं तसूभरही कमी होत नाही, पण त्यानंतर तो प्रसंग पूर्वीसारखा वाचता येत नाही. बार्करचे सैनिक आजच्या इंग्रज शिपायांसारखी गाणी म्हणतात, ते मला खटकलं. या एका प्रसंगासाठी मी ते सोडून देतो.

मूळ कथेला हात लावायचा अधिकार आजच्या लेखकाला कुणी दिला, असा प्रश्न हमखास येतो. त्याचं उत्तर अथेन्समध्येच मिळतं. इ.स.पू. 416 मध्ये अथेन्सच्या सैन्यानं मेलोस या छोट्या बेटाला वेढा घातला. बेट पडल्यावर तिथले पुरुष मारले गेले आणि बायका-मुलं गुलाम म्हणून विकली गेली. पुढच्याच वसंतात, इ.स.पू. 415 मध्ये, नाटककार युरिपिडीसनं अथेन्सच्याच रंगमंचावर ‘ट्रोजन स्त्रिया’ हे नाटक आणलं. पराभूत नगरातल्या राण्या आणि सुना कुणाच्या वाट्याला जायचं याची वाट पाहत बसल्या आहेत, एवढाच त्याचा विषय. त्यानंतर तीनच वर्षांनी ‘हेलन’ नाटकात त्यानं दाखवलं की जिच्यासाठी हे युद्ध झालं ती हेलन ट्रॉयला गेलीच नव्हती. ती इजिप्तमध्ये होती आणि दहा वर्षं लोक एका आभासासाठी मरत होते. ही कल्पनाही त्याची स्वतःची नव्हती. त्याच्या आधी स्टेसिकोरस नावाच्या कवीनं ती मांडली होती. ग्रीकांना एकच अधिकृत पोथी कधी नव्हतीच. अकिलीस आणि पॅट्रोक्लस यांचं नातं नेमकं काय, यावर एस्किलसनं नाटक लिहिलं आणि प्लेटोच्या ‘सिम्पोझियम’मध्ये त्यावर वाद झाला. मॅडलिन मिलरनं ‘द साँग ऑफ अकिलीस’मध्ये त्यांना प्रियकर केलं आणि 2012 चं ऑरेंज पारितोषिक मिळवलं, ते या फार जुन्या वादात आपलं मत नोंदवून.

या साऱ्या परंपरेत मला सर्वांत जवळची वाटते ती मेरी रेनॉ. लंडनमध्ये 1905 साली जन्मलेली ही बाई पेशानं परिचारिका. खरं नाव आयलीन मेरी चॅलन्स. एका कादंबरीला अमेरिकन चित्रपट कंपनीचं मोठं पारितोषिक मिळालं, तेव्हा 1948 मध्ये ती आपल्या जोडीदारीण ज्युली मलार्डबरोबर दक्षिण आफ्रिकेला निघून गेली आणि 1983 मध्ये केपटाउनलाच वारली. तिकडून तिनं अथेन्स, क्रीट आणि मॅसिडोनिया अशी उभी केली की वाचणाऱ्याला पायाखालची धूळ जाणवावी.

तिची ‘द किंग मस्ट डाय’ 1958 ची. कथा सर्वपरिचित: अथेन्सहून क्रीटच्या मिनोस राजाला सात मुलगे आणि सात मुली खंडणी म्हणून पाठवायच्या, चक्रव्यूहात राहणाऱ्या बैलमुखी मिनोटॉरनं त्यांना खायचं, मग अथेन्सचा राजपुत्र थिसियस जातो आणि त्याला मारतो. रेनॉच्या हाताशी एक नवी गोष्ट होती. पुरातत्त्वज्ञ आर्थर इव्हान्सनं 1900 मध्ये क्रीटमधल्या क्नॉसॉसचं उत्खनन सुरू केलं आणि शेकडो दालनांचा, वळणावळणांच्या वाटांचा राजवाडा जमिनीतून वर आला. तिथल्या एका भित्तिचित्रात बैल उधळला आहे, एक तरुण त्याच्या पाठीवर कोलांटी घेतो आहे, एकजण शिंगं धरून आहे, तिसरा मागे हात पसरून उभा. तिघांतल्या दोघांची कातडी पांढरी रंगवलेली आहे, आणि क्रीटच्या चित्रांत पांढरा रंग सहसा स्त्रियांचा. म्हणजे बैलावरून उड्या मारणाऱ्या मुलीही असाव्यात. रेनॉनं खंडणीतल्या मुला-मुलींना बैलनर्तक केलं. त्यांचा संघ, त्यांचा सराव, एकमेकांसाठी जीव टाकण्याची त्यांची शपथ, वरच्या गॅलऱ्यांत बसून त्यांच्यावर पैजा लावणारे नटवे दरबारी. मिनोटॉर झाला बैलाचा मुखवटा चढवणारा सत्तालोभी राजपुत्र. चक्रव्यूह म्हणजे तो राजवाडाच. पुराणातला समुद्रदेव पोसायडन भूकंपांचाही देव आहे. म्हणून रेनॉच्या थिसियसला भूकंपाची चाहूल आधी लागते, आणि क्नॉसॉस कोसळतं ते त्या भूकंपात.

इथे एक गोष्ट सांगितलीच पाहिजे. ते भित्तिचित्र तुकड्यांत सापडलं होतं. आज हेराक्लिऑनच्या संग्रहालयात दिसणारं चित्र तुकडे जुळवून, मधल्या जागा भरून सिद्ध केलेलं आहे. इव्हान्सनं राजवाड्याचे खांब आणि दालनंही काँक्रीटमध्ये पुन्हा उभी केली, आणि त्याबद्दल पुरातत्त्वज्ञांनी त्याच्यावर पुष्कळ टीका केली. म्हणजे ज्या पुराव्यावर रेनॉनं कादंबरी रचली, त्या पुराव्यातच कुणाची तरी कल्पना मिसळलेली होती.

रेनॉची खरी ताकद वेगळीच आहे. तिची माणसं आपल्यासारखा विचार करत नाहीत. देवानं हाक दिली तर राजानं प्रजेसाठी मरायचं, हे थिसियसला मनापासून पटलेलं असतं. पुराणकथेत क्रीटहून परतताना नॅक्सॉस बेटावर तो मिनोसची मुलगी अरिअ‍ॅडनी हिला झोपेत सोडून निघून गेला. का, याचं समाधानकारक उत्तर प्राचीनांनाही देता आलं नव्हतं. रेनॉ त्या बेटावर मद्यदेवाचा उत्सव भरवते, त्यात तिथल्या राजाचा बळी जातो, आणि नंतर झोपलेल्या अरिअ‍ॅडनीच्या मुठीत काय आहे ते थिसियसला दिसतं. लेखिका त्या वस्तूचं नाव घेत नाही. अंगावर काटा येतो आणि थिसियसचा निर्णय कळतो.

क्रिस्टा वोल्फची ‘मेडिआ’ दुसऱ्या टोकाची. मेडिआ म्हणजे स्वतःच्या मुलांना मारणारी आई, हे जगानं युरिपिडीसच्या इ.स.पू. 431 च्या नाटकापासून धरून ठेवलं. पण त्याहून वेगळ्या कथाही चालत आल्या होत्या. त्यांत मुलांना कॉरिंथच्या लोकांनीच मारलं. दोष आईवर ढकलण्यासाठी कॉरिंथकरांनी युरिपिडीसला पैसे चारले, अशी वदंताही प्राचीन टीकाकारांनी नोंदवली आहे. वोल्फ पूर्व जर्मनीची. तिथल्या गुप्त पोलिसांनी तिच्यावर वर्षानुवर्षं पाळत ठेवली, आणि तरुणपणी काही काळ ती स्वतः त्यांना माहिती देत होती हे 1993 मध्ये उघड झालं तेव्हा जर्मन वर्तमानपत्रांनी तिला धारेवर धरलं. तीन वर्षांनी ही कादंबरी आली. तिच्यात परकी, हुशार मेडिआ कॉरिंथच्या राजवाड्याखाली दडवलेला गुन्हा शोधून काढते आणि शहर तिलाच गुन्हेगार ठरवतं. सहा माणसं आळीपाळीनं बोलतात. शिवाजी सावंतांच्या ‘मृत्युंजय’मध्येही सहाजण बोलतात आणि मध्यभागी कर्ण असतो, त्यामुळे मराठी वाचकाला ही रचना मुळीच परकी वाटणार नाही. ‘मृत्युंजय’ 1967 ची; इरावती कर्वे यांचं ‘युगान्त’ही त्याच वर्षीचं. महाकाव्यातल्या माणसांना नव्यानं प्रश्न विचारण्याचं काम मराठीत इंग्रजीतल्या या लाटेच्या पुष्कळ आधी झालेलं आहे, हे आपण विसरतो.

मार्गारेट अ‍ॅटवुडच्या ‘द पेनेलोपिअड’चं (2005) मूळ ‘ओडिसी’च्या बाविसाव्या सर्गात आहे. घरी परतलेला ओडिसिअस बायकोच्या मागे लागलेल्यांना ठार करतो आणि त्यांच्याबरोबर निजलेल्या बारा दासींना मृत्युदंड फर्मावतो; त्याचा मुलगा त्यांना एकाच दोरावर फाशी देतो. होमर त्यांच्या तडफडणाऱ्या पायांचाही उल्लेख करतो. अ‍ॅटवुडच्या पुस्तकात ओडिसिअसची बायको पेनेलोपी बोलते, पण पुस्तक आहे ते त्या बारा दासींचं. ‘ओडिसी’तल्या जादूगारीण सर्सीवरच्या मिलरच्या ‘सर्सी’चा (2018) शेवट अनेकांना आजच्या लेखिकेची करामत वाटतो. सर्सीच्या मुलाच्या हातून ओडिसिअस मरतो आणि पेनेलोपी आपल्या मुलाला घेऊन सर्सीच्या बेटावर येते, हे मात्र ‘टेलेगोनी’ या हरवलेल्या महाकाव्यात होतं आणि त्याचा सारांश आजही उपलब्ध आहे.

‘सर्सी’च्या यशानंतर राजकन्यांच्या आत्मकथनांचा पूर आला. त्यांतली बरीचशी पुस्तकं मला कंटाळवाणी वाटली. नायिका आजच्या मुलीसारखी बोलते, देव नुसते सजावटीला असतात, आणि तिचे केस विंचरणारी गुलाम मुलगी पुन्हा मुकीच राहते. भूतकाळाचं परकेपण पुसलं की त्याच्याकडे जाण्याचं कारणच उरत नाही.

याच्या अगदी उलट डेव्हिड मालूफची ‘रॅन्सम’ (2009). 1943 साली ब्रिस्बेनच्या शाळेत, जग युद्धात असताना, एका पावसाळी दिवशी बाईंनी ट्रॉयची गोष्ट वाचायला घेतली आणि ती अर्धवट राहिली. ती आठवण या ऑस्ट्रेलियन लेखकाच्या मनातून गेली नाही. कादंबरी फक्त चोविसाव्या सर्गाची आहे. प्रायामबरोबर होमरनं राजदूत दिला होता. मालूफनं त्या जागी सोमॅक्स नावाचा गरीब गाडीवान दिला. वाटेत दोघं ओढ्यात पाय सोडून बसतात, सोमॅक्स घरच्या भाकऱ्यांविषयी आणि गेलेल्या मुलांविषयी बोलतो, आणि पन्नास मुलांच्या बापाला कळतं की यांतल्या एकालाही आपण असं जवळून ओळखत नव्हतो.

वाचायला सुरुवात करायची असेल तर आधी होमर घ्या. एमिली विल्सनचा ‘ओडिसी’चा इंग्रजी अनुवाद 2017 चा आहे, साधा आणि वेगवान. ‘इलियड’चे एकोणिसावा आणि चोविसावा हे दोन सर्ग आणि ‘ओडिसी’चा बाविसावा, एवढे तरी वाचाच. मग बार्कर, अ‍ॅटवुड आणि रेनॉ. आणि एकाच कादंबरीला वेळ असेल तर ‘रॅन्सम’ घ्या. ती छोटी आहे आणि या सगळ्यांत उजवी आहे.