मातृभाषेच्या कसोटीवर : क्वासी विरेडू यांचा विचार

क्वासी विरेडू हे नाव आपल्याकडे फारसे परिचित नाही. हे तत्त्वज्ञ १९३१ साली घानातील कुमासी येथे जन्मले आणि २०२२ साली निवर्तले. त्यांची मातृभाषा आकान. तत्त्वज्ञान शिकले ते इंग्रजीत, आधी घानामध्ये व पुढे ऑक्सफर्डला. परभाषेत शिकलेला विचार मातृभाषेत मांडून तपासावा, हे त्यांचे मुख्य सांगणे. तेथे तो अर्थहीन वाटला, तर त्याचे मूळ त्या परभाषेच्या घडणीत असू शकते.

प्रथम ज्ञान घेऊ. ‘विधान वस्तुस्थितीशी जुळते तेव्हा ते सत्य’ ही व्याख्या पाश्चात्त्य ग्रंथांत फार चर्चिली गेली. आकानमध्ये ‘सत्य आहे’ आणि ‘वस्तुस्थिती आहे’ या दोन्हींसाठी ‘तसे आहे’ एवढेच म्हणतात. मग व्याख्या उरते ती ‘तसे असेल तर तसे आहे’ अशी! ‘नोक्वारे’ हा वेगळा शब्द आहे, पण त्याचा अर्थ सचोटी; मूळ अर्थ ‘एकमुखी असणे’.

आता धर्म. आकानमध्ये ‘असणे’ म्हणजे कुठेतरी असणे. म्हणून ‘शून्यातून सृष्टी’ ही कल्पना त्या भाषेत नीट मांडताच येत नाही. त्यांचा परमेश्वर ओन्यामे हा असलेल्यातून घडवणारा आहे. नीतीचा आधारही ईश्वराची आज्ञा हा नसून माणसांचे हित हा आहे. सृष्टिकर्ता न मानताही अहिंसा कशी उभी राहते, हे जैन घरात वाढलेल्या मला नवे नाही; परंतु ‘रिलिजन’ला आपण सहज ‘धर्म’ म्हणतो, तेव्हा दोन वेगळ्या गोष्टी एक करतो, हे विरेडू वाचताना जाणवते.

तिसरा विषय कायदा व सत्ता. अशांती लोकांच्या ज्येष्ठांच्या सभेत निर्णय मतमोजणीने होत नसे. सहमती होईपर्यंत चर्चा चाले. बहुमतात हरलेल्यांना प्रतिनिधी मिळतो, पण निर्णयात वाटा मिळत नाही, असे विरेडू म्हणतात. दोन तोंडांची, एका पोटाची मगर हे आकान प्रतीक ते देतात : तोंडे घासासाठी भांडतात, घास मात्र एकाच पोटात जातो. भाषिक अल्पसंख्य म्हणून पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या आपल्याला हे वेगळे समजावून सांगायला नको.

मात्र विरेडू परंपरेचे भाट नव्हते. १९८० च्या आपल्या पुस्तकात त्यांनी स्वसमाजातील कालबाह्य रूढी, वडीलधाऱ्यांची हुकूमत आणि दैवी शक्तींवरचा भर यांवर टीका केली. मातृभाषा त्यांच्या लेखी कसोटी होती, अंतिम निवाडा नव्हे.

होमिओपॅथीत रुग्णाचा शब्द जसाच्या तसा टिपावा लागतो. ठणकणे, सलणे, चमक मारणे या सर्वांना ‘पेन’ म्हटले की रुग्णाचे निम्मे सांगणे हरवते. विचारांचेही तसेच आहे. आपली मुले-नातवंडे शाळेत इंग्रजी, कन्नड, हिंदी वा गुजराती बोलतात, ते बोलोत. पण ‘जस्टिस’, ‘फ्रीडम’, ‘रिलिजन’ यांचा अर्थ एकदा घरी मराठीत सांगून पाहायला त्यांना सांगा. मराठी केवळ सणावाराची भाषा उरली आहे की अजून विचाराचीही आहे, हे तेथेच कळेल.