डोळ्यांची खाज आणि दुकानातले थेंब



आपल्यापैकी अनेकांची मुले, भाऊ, जावई पोटापाण्यासाठी नवी मुंबईत आहेत. वाशी-तुर्भ्याच्या बाजार समितीत साताऱ्याकडची पुष्कळ माणसे माथाडी म्हणून राबतात. तिकडे मिरचीची पोती आणि धान्याची धूळ, तर इकडे बांधावरचे गाजर गवत आणि पेटलेल्या पाचटाचा धूर. तक्रार दोन्हीकडे एकच: "डोळे लई खाजतात, पाणी येतंय." म्हणून हे चार शब्द.

ॲलर्जी म्हणजे काय?
मिरचीचा खकाणा कुणाच्याही डोळ्यात गेला तरी झोंबणारच. ती ॲलर्जी नव्हे. पराग, धूळ, बुरशी अशी इतरांना न बाधणारी वस्तू एखाद्याच्या शरीराला शत्रू वाटते. मग पापणीच्या आतल्या पातळ आवरणातील पेशी हिस्टामीन नावाचे द्रव्य सोडतात. त्यानेच खाज, लाली, सूज आणि पाणी येते. पुण्यात १९५५ च्या सुमारास प्रथम आढळलेले गाजर गवत आज गावोगाव पसरले आहे, त्याचे परागही यात येतात.

डोळे येणे वेगळे
जुलै २०२३ मध्ये आळंदी परिसरात डोळ्यांची साथ आली होती. ती विषाणूची, एकाची दुसऱ्याला लागणारी. ॲलर्जी कुणाला लागत नाही. तिच्यात बहुधा दोन्ही डोळे खाजतात, शिंकाही येतात. डोळे घाणीने चिकटत असतील तर संसर्गाचा संशय घ्यावा.

काय करावे?
डोळे चोळू नयेत. चोळल्याने खाज वाढते आणि वर्षानुवर्षे चोळत राहिल्यास बुबुळाचा आकार बिघडू शकतो. स्वच्छ गार पाण्याने डोळे धुवावेत, गार पाण्याची घडी ठेवावी. कामावर साधा बंद चष्मा वापरावा, घरी आल्यावर आंघोळ करून कपडे बदलावेत. गाजर गवत फुलण्याआधी उपटावे, हातमोजे घालून. पाचट न जाळता सरीत कुजवावे. जमिनीला खत मिळते आणि धूरही टळतो. दूध, मध, एरंडेल डोळ्यात घालू नये. डॉक्टर ओलोपॅटाडीनसारखे ॲलर्जीचे थेंब देतात, त्याने बहुतेकांना आराम पडतो.

खरा धोका
"मागच्या वेळी याच बाटलीने बरं वाटलं" म्हणून दुकानातून तीच बाटली पुन्हापुन्हा आणली जाते. त्यात डेक्सामेथासोन, बीटामेथासोन किंवा प्रेडनिसोलोन हे स्टेरॉइड असू शकते. दोन दिवसांत डोळा पांढराशुभ्र होतो खरा, पण असे थेंब महिनोन्‌महिने घातल्यास डोळ्यातील दाब वाढून काचबिंदू होतो, मोतीबिंदूही लवकर येतो. मोतीबिंदूवर शस्त्रक्रिया आहे. काचबिंदूने गेलेली नजर मात्र परत येत नाही, आणि तो दुखल्याखुपल्याशिवाय वाढतो. दर उन्हाळ्यात डोळे खाजणाऱ्या शाळकरी मुलांबाबत तर हे फार जपावे. स्टेरॉइड कधी लागतेही, पण ते डॉक्टरांच्या नजरेखाली, दाब तपासत आणि ठरल्या दिवसांपुरतेच.

दुखणे, उजेड सहन न होणे, अंधुक दिसणे, एकच डोळा लाल होणे किंवा बुबुळावर पांढरा ठिपका दिसणे, यांपैकी काहीही असल्यास अंगावर न काढता त्याच दिवशी नेत्रतज्ज्ञ गाठावा.

तरी सभासदांनी घरातली थेंबांची बाटली आजच काढून तिच्यावरील नाव वाचावे, आणि नवी मुंबईतल्या आपल्या माणसांनाही तसे कळवावे, ही विनंती.