सहकारी संस्थेंतील अपहार आणि उच्च न्यायालयाची मर्यादा

भंडारा जिल्ह्याच्या साकोली तालुक्यांतील एकोडी हें धानाच्या टापूंतील गांव. अशा गांवीं सेवा सहकारी संस्था ही शेतकऱ्याची पेढीच होय. रोवणीपूर्वीं पीककर्ज तेथून मिळतें आणि धान विकल्यावर परतफेडही तेथेंच होते. समजा, अशा एखाद्या संस्थेच्या गटसचिवानें रक्कम घेऊन पावती फाडली, पण ती रोजकीर्दीस चढविलीच नाहीं. मग सभासदाच्या नांवावर थकबाकी कायम राहते आणि पुढल्या हंगामाचें कर्ज अडतें. पारावर अशा वेळीं एकच सल्ला ऐकूं येतो : नागपूरच्या हायकोर्टांत जा. हा सल्ला बहुधा चुकीच्या दारीं नेणारा असतो.

पैसा कोणीं खाल्ला आणि किती, हें ठरविण्याचें काम कायद्यानें दुसऱ्यांकडे सोंपविलें आहे. भंडारा जिल्हा मध्यप्रांतांत असतां तेथें १९१२ चा सहकारी कायदा चाले; आतां महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० लागू आहे. त्याच्या ८१ व्या कलमानें हिशेबतपासणी होते, ८३ व्यानें निबंधक चौकशी करवितो, आणि ८८ व्या कलमाखालीं नेमलेला अधिकारी अपहाराची रक्कम ज्याच्या त्याच्या माथीं लावून ती व्याजासह भरण्याचा हुकूम देतो. तो मान्य नसल्यास १५२ व्या कलमान्वयें दोन महिन्यांत अपील करतां येतें. दिवाणी कोर्टाचें दार १६३ व्या कलमानें अशा बाबतींत बंद केलें आहे.

यानंतर उच्च न्यायालय. राज्यघटनेच्या २२६ व २२७ या अनुच्छेदांनीं त्याला दिलेला अधिकार मोठा खरा, पण तो देखरेखीचा आहे, फेरहिशेबाचा नव्हे. ही सीमा सर्वोच्च न्यायालयानें सय्यद याकूब यांच्या खटल्यांत १९६३ सालीं आंखून दिली. खटला मोटारगाडीच्या परवान्याचा होता. निकाल लिहिला तो मूळच्या सातारच्या न्यायमूर्ति गजेंद्रगडकरांनीं. कायद्याची उघड चूक उच्च न्यायालय दुरुस्त करील. वस्तुस्थितीची चूक, ती कितीही गंभीर वाटली तरी, दुरुस्त करणार नाहीं. पुरावा पुरेसा होता कीं नाहीं, हा प्रश्नही त्याचा नव्हे. मात्र पुरावा मुळींच नसतां निष्कर्ष काढला असेल, किंवा ग्राह्य पुरावा अकारण नाकारला असेल, तर ती कायद्याचीच चूक ठरते.

व्यवहारांत याचा अर्थ असा. गटसचिव म्हणतो, रक्कम अध्यक्षाच्या हातीं दिली. चौकशी अधिकाऱ्यानें तें खरें मानलें नाहीं. उच्च न्यायालय ही साक्ष पुन्हां तोलीत बसणार नाहीं. पण तपासणीचा अहवाल त्याला दाखविलाच नाहीं, बाजू मांडूं दिली नाहीं, असें घडलें असल्यास हुकूम रद्द होऊं शकतो. तेव्हां गांवांत बोभाटा होतो, 'हायकोर्टानें सोडला !' वस्तुतः तेवढ्यानें तो निर्दोष ठरत नाहीं. असें प्रकरण बहुधा नव्या चौकशीसाठीं परत पाठविलें जातें. ही गैरसमजूत खेड्यांतील संस्थांना फार महाग पडते, कारण हुकूम रद्द झाला असें ऐकतांच सभासद पाठपुरावा सोडून देतात.

अपहार सिद्ध झालेल्या नोकराविषयीं न्यायालयांनीं दया दाखवावी काय ? दक्षिण कन्नडच्या जनता बाजार या सहकारी भांडाराच्या खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानें २००० सालीं नाहीं असें उत्तर दिलें, आणि नोकरांना पुन्हां कामावर घेण्याचा हुकूम रद्द केला.

फौजदारी वाट निराळी व लांब. नागपूर जिल्हा मध्यवर्ती सहकारी बँकेचें रोखे-प्रकरण २००२ सालीं उजेडांत आलें. पैसे दलालांकडे गेले, सरकारी रोखे मात्र बँकेच्या हातीं आले नाहींत. तत्कालीन अध्यक्ष सुनील केदार यांच्यासह सहा जणांना २२ डिसेंबर २०२३ रोजीं पांच वर्षांची शिक्षा झाली. त्यावर अपील झालें. २०२४ सालीं उच्च न्यायालयानें केदार यांची शिक्षा स्थगित केली, परंतु दोषसिद्धीस स्थगिती नाकारली.

शिक्षेनें सभासदाचें खातें भरत नाहीं. वसुली होते ती ८८ व्या कलमाच्या हुकमावरून, जमीनमहसुलाच्या थकबाकीप्रमाणें. सभासदाजवळची पावती दाखल व्हावयाची ती याच चौकशींत; येथें राहून गेलेली पावती पुढें उच्च न्यायालयांत सहसा दाखवितां येत नाहीं.