पलंगाशेजारचं माणूस

आठवड्यात १६८ तास असतात. आस्थापनेत काम करणाऱ्याचे कायद्याने आठवड्याचे तास ४८. अंथरुणाला खिळलेल्या म्हाताऱ्या माणसाजवळ रात्रंदिवस कुणीतरी हवं असेल, तर १६८ ला ४८ ने भागायचं. उत्तर येतं साडेतीन. त्यात हक्काच्या रजा, सणवार, ताप-खोकला, गावाकडची लग्नं आणि मयती धरल्या की आकडा चारच्या पुढे जातो. म्हणजे एका जागेसाठी चार माणसं. महाराष्ट्रातल्या वृद्धसेवेचा सगळा हिशेब या एका भागाकारावर उभा आहे, आणि पुष्कळ ठिकाणी त्याचं उत्तर ओढूनताणून दोनावर आणलेलं असतं. एक दिवसपाळीची मावशी, एक रात्रपाळीची, प्रत्येकी बारा तास. सुट्टी बदली मिळाली तर.

मावशी नेमकं काय करते, हे घरात कुणी झोपून असल्याशिवाय कळत नाही. बाहेरच्याला वाटतं, बसून तर असते. तेव्हा आधी काम बघू, पैशाकडे नंतर वळू.

झोपून असलेल्या माणसाची कूस साधारण दर दोन तासांनी बदलावी लागते. उताणं पडलं की शरीराचा भार माकडहाड, टाचा आणि खांद्याच्या पात्यांवर येतो, तिथला रक्तपुरवठा दबतो आणि कातडी लाल होते. लालीवर बोट दाबून बघायचं. बोट काढल्यावरही लाली तशीच राहिली, तर जखमेची सुरुवात झाली असं समजायचं. ती उघडली तर भरून यायला महिने लागतात. कूस बदलायला पाठीखाली, खांद्यापासून मांड्यांपर्यंत, एक आडवी चादर घातलेली असते. दोघींनी दोन बाजूंनी ती गुंडाळून घट्ट धरायची, एकदम उचलायची आणि माणूस सरकवायचा. ओढायचा नाही, कारण ओढलं की म्हातारी, कागदासारखी पातळ कातडी घासून निघते. मग पाठीशी उशी लावून शरीर किंचित कलतं ठेवायचं, दोन गुडघ्यांमध्ये एक उशी, पोटरीखाली एक, म्हणजे टाचा गादीला टेकत नाहीत. एवढं सगळं दोघी असल्या तर पाच मिनिटांत होतं. रात्री एकटीच असली की ती ओढते. तिला नीट करायचं माहीत असतं, पण साठ-सत्तर किलोचं निपचित अंग एकटीला उचलवत नाही. म्हणून पाठीवरची जखम पुष्कळदा हयगयीची नसते. ती माणूसबळाच्या हिशेबातून आलेली असते, आणि बोल मात्र मावशीला लागतो.

भरवण्याचंही तेच. पलंगाची डोक्याकडची बाजू वर करून माणसाला ताठ बसवायचं, हनुवटी जरा खाली, अर्धा चमचा तोंडात, आणि मग गळ्याकडे बघत थांबायचं. घास खाली गेल्याचं दिसल्याशिवाय दुसरा चमचा नाही. पक्षाघातानंतर पाणी सर्वांत अवघड, कारण ते घशात सुटतं आणि ठसका लागतो. ते घट्टसर करून द्यावं लागतं. जेवणानंतर अर्धा तास तसंच बसवून ठेवायचं. घाई केली की घास श्वासनलिकेत जातो आणि पुढचा मुक्काम न्यूमोनियाने दवाखान्यात. एका माणसाला भरवायला पंचवीस मिनिटं धरली, तर पाच जणांना भरवायला दोन तासांहून जास्त लागतात. या कामाला वेग नाही. हवेची गादी, मोटरचा पलंग, उचलायचा पाळणा यांनी पाठ वाचते, पण गिळण्याची वाट बघणारं यंत्र अजून कुणी केलेलं नाही. विल्यम बॉमोल आणि विल्यम बोवेन या अमेरिकी अर्थतज्ज्ञांनी १९६६ मध्ये नाटक-संगीताच्या अर्थकारणाबद्दल हेच मांडलं होतं. कारखान्यात तासाला माल वाढतो, म्हणून मजुरी वाढली तरी परवडते. जिथे तासच विकायचा असतो, तिथे मजुरी वाढली की खर्च तेवढाच वाढतो. वृद्धसेवा हे त्याचं सर्वांत उघडं उदाहरण आहे.

आता आकडे. समजा, वीस पलंगांचा एक आश्रम आहे आणि सगळे वीस जण परावलंबी आहेत. पाच जणांमागे एक मावशी म्हटलं (हे प्रमाणही काही चैनीचं नाही), तरी चोवीस तासांच्या चार जागा होतात. बारा तासांच्या पाळीवर, सुट्टीविना, त्या आठ बायकांत भागतात. पगार १५,००० रुपये धरला तर महिन्याला १,२०,००० रुपये, म्हणजे पलंगामागे ६,०००. आता हेच कायद्याने करू. ४८ तासांचा आठवडा धरला की चौदा माणसं, रजा-आजारपण धरून सतरा. पगार तोच, वर मालकाचा भविष्यनिर्वाह निधी आणि राज्य विमा मिळून सव्वासोळा टक्के. बेरीज जाते तीन लाखांच्या जवळ, पलंगामागे १४,८०० च्या पुढे. हा फक्त मावश्यांचा खर्च. त्यावर परिचारिका, स्वयंपाक, धुणं, भाडं, वीज, डायपर, औषधं. धर्मादाय नोंदणी असलेल्या वृद्धाश्रमाला निवास-भोजनासह माणशी महिना २५,००० रुपयांपर्यंत जीएसटी माफ आहे. पण कायद्याने माणसं नेमली, तर त्या २५,००० मधला निम्म्याहून मोठा वाटा मावश्यांच्याच पगारात जातो. 'बारा-पंधरा हजारांत सगळं' असा फलक दिसला, तर कमी काय पडलंय ते शोधायला लांब जावं लागत नाही. तिथे बायकांची झोप कमी पडलेली असते.

या बायका येतात कुठून? पुण्या-मुंबईत ब्युरो असतात. पुष्कळदा एक खोली, एक फोन आणि एक वही, एवढाच पसारा. घरात कुणी पडलं, हाड मोडलं, की ब्युरोला फोन जातो. संध्याकाळपर्यंत एक बाई पिशवी घेऊन दारात उभी राहते. ब्युरो महिन्याच्या पैशातून आपला वाटा कापतो, पाच-सहा दिवस 'बदली' देण्याचा शब्द देतो, बाकी कागद बहुधा नसतो. येणाऱ्यांत नवरा गेलेल्या किंवा नवऱ्याने टाकलेल्या, शिक्षण अर्धवट राहिलेल्या, शेतमजुरी सोडून आलेल्या पुष्कळ असतात. 'चोवीस तासांचं काम' घेणारी बाई त्याच खोलीत खाली गादी टाकून झोपते आणि रात्री तीन वेळा उठते. तिच्या स्वतःच्या गावाकडच्या आईची कूस कोण बदलतं, हे तिला सहसा कुणी विचारत नाही. स्मृतिभ्रंशाच्या रुग्णाकडे काम अजून जड. दिवेलागणीला तो अस्वस्थ होतो, घरी जायचंय म्हणून कपाटातले कपडे काढतो, मावशीला चोर ठरवतो. हे सगळं शिकवलं तर सांभाळता येतं. पण शिकवायचं कधी, कुणी आणि कुणाच्या पैशाने? सरकारी कौशल्य योजनांत रुग्णसेवेचे काही महिन्यांचे अभ्यासक्रम आहेत. ते पुरे केलेली मुलगी इस्पितळाकडे बघते, कारण तिथे गणवेश मिळतो, पाळी ठरलेली असते आणि बरोबरीच्या चार जणी असतात.

यामागचा इतिहास मला मनापासून बोचतो. याच पुण्यात १९०९ साली रमाबाई रानड्यांनी सेवासदन उभं केलं आणि विधवा, परित्यक्ता मुलींना परिचारिकेच्या शिक्षणाकडे वळवलं. त्या काळी परक्या पुरुषाच्या जखमेला हात लावणारी ब्राह्मण विधवा ही कल्पनाच घराघरांत वादळ उठवणारी होती. त्या बायांनी ते सोसलं, आणि परिचारिकेला प्रमाणपत्र, पाळी, निवृत्तिवेतन आणि 'सिस्टर' हा मान मिळाला. त्यांच्या खालच्या पायरीवरच्या मावशीला शंभर वर्षांनंतरही त्यातलं काही मिळालेलं नाही. महाराष्ट्राने २००८ मध्ये घरेलू कामगार कल्याण मंडळाचा कायदा केला. चांगलं पाऊल होतं. पण कल्याण मंडळ म्हणजे मदत. तिच्या झोपेचे तास आणि तिची सुट्टी त्याने ठरत नाही.

पुण्यात वृद्धांसाठी संस्था काही आजच्या नाहीत. नवी पेठेतला 'निवारा', म्हणजे डेव्हिड ससून अनाथ पंगू गृह, १८६३ चा. १९९५ मध्ये राज्य सरकारने मातोश्री वृद्धाश्रमांची योजना आणली. परांजपे स्कीम्सच्या 'अथश्री'ने ज्येष्ठांसाठी वेगळी वसाहत ही कल्पना मध्यमवर्गात रुजवली. मुलं अमेरिकेत, आईवडील पाषाण-बाणेरला, हे चित्र आता कुणाला नवं वाटत नाही. अशा वसाहतींत करमणूक असते, सोबत असते, रात्री बेल वाजवली तर कुणी येतं, आणि हे मोलाचं आहे. पण सदनिका विकत घेताना माणूस पासष्टचा असतो आणि चालता-फिरता असतो. ब्याऐंशीव्या वर्षी त्याला लागते ती दुसरीच गोष्ट. पहिला व्यवहार बांधकामाचा, पैसे एकदाच येतात. दुसरा मजुरीचा, पैसे दर महिन्याला जातात. दोन्ही एकाच माहितीपत्रकात छापले म्हणून एक होत नाहीत. २०२४ मध्ये महारेराने ज्येष्ठांच्या गृहप्रकल्पांसाठी नियमावली काढली. चाकांची खुर्ची जाईल अशी दारं आणि आधाराचे दांडे तिने मागितले, हे योग्यच झालं. मात्र ती इमारतीची नियमावली आहे. त्या दारातून खुर्ची ढकलत नेणारं माणूस तिच्या कक्षेत येत नाही.

ज्यांच्याकडे विकत घ्यायला काही नाही, त्यांचं काय? २००७ च्या ज्येष्ठ नागरिक कायद्याने प्रत्येक जिल्ह्यात निदान १५० निराधार वृद्धांची सोय होईल असा आश्रम असावा असं म्हटलं. आणि मुलांकडून मिळू शकणाऱ्या पोटगीची कमाल मर्यादा घातली महिना १०,००० रुपये. श्रावणबाळ योजनेत राज्य महिन्याला १,५०० रुपये देतं, केंद्राचं निवृत्तिवेतन ऐंशीच्या आतल्यांना २०० रुपये. सत्तरीपुढच्या सर्वांना २०२४ पासून आयुष्मान भारतमध्ये पाच लाखांचं संरक्षण मिळालं, आणि खुब्याच्या शस्त्रक्रियेला ते खरोखर उपयोगी पडतं. पण ते इस्पितळातल्या उपचारापुरतंच. घरी आणल्यावर पुढची सहा वर्षं कूस बदलणाऱ्या हाताला त्यातून एक रुपया मिळत नाही. खासगी आरोग्यविम्याचंही तेच.

देणगीदारांची गोष्ट तर रोज दिसते. आश्रमात पंखे, कपाटं, पाण्याची टाकी, खोल्या यांवर नावं असतात. वाढदिवसाला, श्राद्धाला गोडाचं जेवण येतं, कधीकधी एकाच दिवशी दोन. देणारे मनापासून देतात. फक्त रात्रपाळीच्या एका मावशीचा वर्षाचा पगार द्यायला फारसं कुणी पुढे येत नाही, कारण त्यावर पाटी लावता येत नाही. कंपन्यांच्या सामाजिक निधीलाही वाहन किंवा यंत्र दिसायला बरं पडतं.

२०११ च्या जनगणनेत महाराष्ट्रात साठीपुढची माणसं एक कोटी अकरा लाखांच्या आसपास होती, लोकसंख्येच्या ९.९ टक्के. देशात २०३१ पर्यंत हा आकडा १९.४ कोटींवर जाईल, असा सरकारी तज्ज्ञगटाचा अंदाज आहे. एवढ्यांची सोय एकेका घराच्या खिशातून होणार नाही, हे माझं स्पष्ट मत आहे. जर्मनीने १९९५ मध्ये आणि जपानने २००० मध्ये शुश्रूषेचा वेगळा सक्तीचा विमा सुरू केला. जपानात चाळिशीपासून प्रत्येकाला त्यात हप्ता भरावा लागतो. म्हणजे म्हातारपणाचा खर्च सगळ्यांनी मिळून, आधीपासून उचलायचा. पैसा उभा राहिला, तरी त्यांनाही माणसं कमी पडतात, म्हणून ते आपल्याकडे येतात. २०२४ मध्ये महाराष्ट्राने जर्मनीतल्या बाडेन-वुर्टेमबर्ग राज्याशी कुशल मनुष्यबळ पाठवण्याचा करार केला, त्यात रुग्णसेवेची कामंही आहेत. मुलींनी जावं, चार पैसे मिळवावेत. त्यांना अडवण्याचा अधिकार आपल्याला नाही. मात्र त्यांच्यासाठी भाषेचे वर्ग काढणाऱ्या राज्याने इथे राहणाऱ्या मावशीचं किमान वेतन, तास आणि प्रशिक्षण ठरवणारा कायदाही करायला हवा. आणि आपल्या निवृत्तीसाठी बचत करणाऱ्या पगारदारांनी शुश्रूषेच्या सामाईक विम्याची मागणी लावून धरायला हवी.

तोवर एवढं करा. आईवडिलांसाठी आश्रम बघायला जाल, तेव्हा बाग आणि जेवणघर बघून झाल्यावर तीन प्रश्न विचारा. रात्री एका मावशीकडे किती माणसं असतात? तिच्या सुट्टीच्या दिवशी कोण येतं? तिचा भविष्यनिर्वाह निधी भरला जातो का? उत्तर टाळलं, तर पुढचा आश्रम बघा. उत्तर नीट मिळालं आणि महिन्याचे पैसे शेजारच्या आश्रमापेक्षा आठ-नऊ हजारांनी जास्त निघाले, तर घासाघीस करू नका. घरी मावशी ठेवली असेल, तर आठवड्याची सुट्टी आणि त्या दिवसाची बदली ही तुमच्या खर्चात धरा, तिच्या नव्हे. आणि देणगी द्यायची असेल, तर संस्थेला लिहून द्या की ही रक्कम पगारासाठी आहे.